विवेकवर्धिनी ते ‘वागळे की दुनिया’

निजामाच्या रियासतीत ‘गश्ती निशान 53’ अन्वये सार्वजनिक सभेस सरकारची पूर्वपरवानगी लागे, आणि अशा अमदानीत हैदराबादेतील मराठी समाजाचे सार्वजनिक जीवन शाळा, ग्रंथालय आणि नाट्यगृह यांच्याच आश्रयाने नांदले. 1907 साली स्थापन झालेल्या विवेकवर्धिनी शाळेच्या नाट्यगृहात नोव्हेंबर 1921 मध्ये महर्षी कर्वे यांच्या अध्यक्षतेखाली सामाजिक परिषद भरली असता आलमपल्ली वेंकटरामराव तेलुगूतून बोलू लागले, तेव्हा श्रोत्यांनी त्यांची हुर्यो केली, आणि त्या मानखंडनेतून तेलुगू भाषकांचा आंध्र जनसंघ जन्मास आला. हा प्रसंग या शहरातील मराठी माणसाने विसरू नये असे मला मनापासून वाटते.

1935 साली सरकारच्या ताब्यात आलेल्या डेक्कन रेडिओवर उर्दूच्या जोडीने मराठीलाही वेळ मिळे. परंतु 1 नोव्हेंबर 1956 रोजी मराठवाडा मुंबई राज्यात गेला, हैदराबाद आंध्र प्रदेशाची राजधानी झाली, आणि 23 ऑक्टोबर 1977 रोजी येथे दूरदर्शन केंद्र सुरू झाले ते तेलुगू व उर्दूचे, आणि ते न्याय्यच होते. मराठी संगीत रंगभूमीचा वारसा या शहरातील घराघरांत आला तो राष्ट्रीय प्रसारणातून, आणि तोही हिंदीत.

1988 साली कुंदन शहा यांनी व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांच्या कल्पनेवरून दूरदर्शनसाठी ‘वागळे की दुनिया’ ही मालिका केली, आणि तीत अंजन श्रीवास्तव यांच्यासमवेत राधिका वागळे साकारली भारती आचरेकर यांनी. त्या गायिका माणिक वर्मा यांच्या कन्या. माणिकताईंना तालीम मिळाली किराणा घराण्याच्या सुरेशबाबू माने आणि हिराबाई बडोदेकर यांची, आणि हिराबाईंनी तर स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच कराव्यात हा दंडक स्वतःच्या नाट्यसंस्थेत पाळून दाखविला होता. भारतीताईंचे पहिले पाऊलही पडले ते संगीत नाटकातच. ‘धन्य ते गायनी कळा’ या, भीमसेन जोशी यांच्या संगीताने नटलेल्या नाटकात.

राधिका पडद्यावर गात नाही. तरी नवऱ्यास टोकताना वाक्याच्या मध्यावर क्षणभर थांबून शेवटचा शब्द हलकेच खाली सोडण्याची तिची लकब ऐकणाऱ्यास समेचे भान असलेल्या गळ्याची ओळख पटते. या तालमीची खरी परीक्षा झाली ती 2013 सालच्या ‘द लंचबॉक्स’ या चित्रपटात. त्यातील वरच्या मजल्यावरची देशपांडे काकू एकदाही पडद्यावर दिसत नाही. खिडकीतून दोरीला बांधलेली टोपली खाली येते आणि पाठोपाठ येतो भारतीताईंचा निव्वळ आवाज, तरी त्या आवाजातून प्रेक्षकास काकूचे वय, तिचा आजारी नवरा, तिचा करारीपणा, सारे कळते. मुद्राभिनयाचा काडीचाही आधार नसताना पात्र उभे करणे हे मी नुसत्या अभिनयाचे नव्हे, गायकीचेच काम मानतो.

2021 साली ‘वागळे की दुनिया’ नव्या पिढीच्या कथेसह परत आली, तेव्हाही राधिकेची भूमिका भारतीताईंकडेच राहिली.