झाडीपट्टीचा ऑर्गन

प्रभात फिल्म कंपनीचा 'अयोध्येचा राजा' १९३२ साली पडद्यावर आला आणि मराठी चित्रपट बोलू-गाऊ लागला. त्याचे संगीतकार गोविंदराव टेंबे. मूळचे नावाजलेले हार्मोनियमवादक. १९१३ मध्ये बालगंधर्वांसोबत गंधर्व नाटक मंडळी उभी करणाऱ्यांपैकी एक. गंधर्व मंडळीतलेच मास्टर कृष्णराव पुढे प्रभातच्या 'माणूस'ला (१९३९) संगीत देत होते. चित्रपट संगीतकाराचा पेशा मराठीत असा नाटकाच्या पेटीपाशी जन्माला आला. बोलपटांनी प्रेक्षक ओढले तसे कसबी लोकही ओढले, आणि बहुतेक संगीत नाटक मंडळ्या एकेक करून बसल्या.

महाराष्ट्राच्या पूर्वेकडे, धानाच्या मुलखात, नाटकाचा वादक मात्र स्टुडिओत गेला नाही.

गोंदिया, भंडारा, गडचिरोली आणि चंद्रपूर म्हणजे झाडीपट्टी. इथे भाऊबीजेपासून गावोगाव मंडई भरते. लेकी-जावई, सोयरे-पाहुणे जमतात, दुकाने लागतात आणि रात्री दंडार, खडी गंमत किंवा नाटक होते. दंडार आणि खडी गंमत हे लोकनाट्यप्रकार म्हणजे नाटकाच्या आधीचे थर. दोन्हींत बायांच्या भूमिकाही गडीच करत. साथीला ढोलकी, टाळ, डफ आणि चोनका हे लोकवाद्य. साकोलीच्या डॉ. हरिश्चंद्र बोरकरांनी या लोककलांचा आणि झाडीबोलीचा आयुष्यभर मागोवा घेतला.

याच मातीत संगीत नाटक रुजले. पूर्वी गावचीच हौशी मंडळी तालमी करत. हळूहळू व्यावसायिक मंडळे आली आणि वडसा त्यांचे केंद्र झाले. वडसा गडचिरोलीत असले तरी गोंदिया-बल्लारशा रेल्वेमार्गावर आहे. गोंदिया जिल्ह्यातल्या अर्जुनी मोरगावला ते जवळचे.

प्रयोग रात्री उशिरा सुरू होतो आणि पहाटेपर्यंत चालतो. एवढा वेळ ऑर्गन, तबला आणि ढोलकीवाल्यांना जागेवरून हलता येत नाही. चित्रपटाचे पार्श्वसंगीत तयार दृश्य पाहून रचले जाते. इथे दृश्य आणि सूर एकाच वेळी घडतात. नटाने पट्टी बदलली की ऑर्गनवाल्याने ती त्याच क्षणी पकडायची, एखादा प्रवेश लांबला की सूर धरून ठेवायचा. नाट्यपदाच्या जोडीला लावणी येते, सिनेमाच्या वळणाची चालही येते. अलीकडे ऑक्टोपॅडही आला. ज्या सिनेमाने इतरत्र संगीत नाटक मागे सारले, त्याच्याच चाली झाडीपट्टीने आपल्या रंगमंचावर वाजवून घेतल्या.

गडचिरोलीचे नट परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, तेव्हा या रंगभूमीकडे देशाचे लक्ष गेले. आता तिच्या वादकांकडेही जायला हवे. टेंबे आणि कृष्णराव यांच्या चाली ध्वनिमुद्रिकांत आणि चित्रपटांत उरल्या. मंडईच्या रात्री वाजलेली चाल प्रयोगासोबतच संपते. गोंदियातल्या जुन्या ऑर्गनवादकांच्या आणि ढोलकीवाल्यांच्या चाली, त्यांच्या नावांसकट आणि त्यांच्याच हातून वाजवून घेऊन, ध्वनिमुद्रित करण्याचे काम विद्यापीठांनी आणि आकाशवाणीने हाती घ्यावे.