लसिकाग्रंथी आणि कर्करोगाचा प्रसार : एका वैद्यकीय कल्पनेचा ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

पायाला काटा रुतून जखम चिघळली की जांघेत गाठ येते. मराठी बोलीत तिला 'अवधाण' म्हणतात. जखम एका ठिकाणी आणि सूज दुसऱ्या ठिकाणी, हा अनुभव लोकांना पूर्वापार परिचित आहे. त्यामागे लसिकासंस्था आहे. पेशींच्या अवतीभवती साठणारा द्रव सूक्ष्म वाहिन्यांतून गोळा होतो, वाटेतील लसिकाग्रंथींतून गाळला जातो आणि अखेरीस मानेच्या पायथ्याशी रक्तप्रवाहास मिळतो. मानवी शरीरात अशा सुमारे 600 ग्रंथी आहेत. जंतूंप्रमाणेच मूळ गाठीतून सुटलेल्या कर्कपेशीही या वाटेने प्रवास करतात. त्यामुळे स्तनाच्या कर्करोगात काखेत आणि तोंडाच्या कर्करोगात मानेत गाठी आढळतात.

या गाठीचा नेमका अर्थ काय? ती रोगाला अडवणारी चौकी आहे, रोग पुढे नेणारे द्वार आहे, की रोग आधीच सर्वत्र पसरल्याची केवळ खूण आहे? या प्रश्नाचे उत्तर काळानुसार बदलत गेले आणि उत्तराबरोबर शस्त्रक्रियेचा आवाकाही बदलला. म्हणूनच हा इतिहास वैद्यकाबरोबर रुग्णांच्या सोसण्याचाही इतिहास आहे.

उद्दिष्टे :

1. लसिकाग्रंथींतील कर्करोगप्रसाराविषयीच्या प्रमुख उपपत्तींचा कालानुक्रमे आढावा घेणे.
2. उपपत्ती आणि शस्त्रक्रिया यांचा परस्परसंबंध तपासणे.
3. मुंबई येथील टाटा स्मारक रुग्णालयाच्या संशोधनाचे या इतिहासातील स्थान स्पष्ट करणे.

काळ्या पित्तापासून लसिकेपर्यंत :

ग्रीक वैद्य गॅलेन याच्या परंपरेत कर्करोग हा शरीरात काळे पित्त वाढल्याचा परिणाम मानला जाई. रोग मुळातच सर्वांगाचा असेल, तर गाठ कापून फारसे साधणार नाही, असा निष्कर्ष त्यातून निघत असे. सतराव्या शतकात या विचाराला तडा जाऊ लागला. 1622 मध्ये इटलीत गास्पारे आसेली याला कुत्र्याच्या आतड्यालगत दुधाळ द्रवाच्या वाहिन्या दिसल्या. त्यानंतर सुमारे तीन दशकांनी डेन्मार्कचा थॉमस बार्थोलिन आणि स्वीडनचा ओलोफ रुडबेक यांनी लसिकावाहिन्यांचे वर्णन केले. या शोधाच्या श्रेयावरून उभयतांत मोठा वाद झाला.

या ज्ञानाच्या आधारे फ्रेंच शल्यविशारद आंरी फ्रांस्वा ल द्रां याने 1757 मध्ये एक महत्त्वाचा विचार मांडला. कर्करोग प्रथम एकाच जागी सुरू होतो आणि नंतर लसिकामार्गे ग्रंथींत पोहोचतो, असे त्याचे प्रतिपादन होते. त्यामुळे शस्त्रक्रियेला प्रथमच सबळ तात्त्विक आधार मिळाला. रोग स्थानिक असतानाच तो काढून टाकता आला, तर रुग्ण वाचू शकेल, ही आशा येथून जन्मली.

चौकीची उपपत्ती आणि मूलगामी शस्त्रक्रिया :

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास जर्मन विकृतिशास्त्रज्ञ रुडॉल्फ विर्खो याने ग्रंथींना गाळणीची उपमा दिली. ग्रंथी कर्कपेशी अडवून धरतात आणि त्यांची क्षमता संपली की रोग पुढे सरकतो, असे या मताचे सार होते. पुढे लंडनच्या सॅम्सन हँडली याने, रोग लसिकावाहिन्यांतून मुळांप्रमाणे सलग वाढत जातो, अशी उपपत्ती मांडली. दोन्ही मतांचा व्यावहारिक अर्थ एकच होता. गाठ, वाहिन्या आणि ग्रंथी एकसंध काढल्या पाहिजेत.

हा अर्थ अमेरिकेतील बाल्टिमोर येथील जॉन्स हॉपकिन्स रुग्णालयात विल्यम हॉल्स्टेड याने अमलात आणला. त्याच्या शस्त्रक्रियेत संपूर्ण स्तन, त्याखालील छातीचे स्नायू आणि काखेतील ग्रंथी एकत्रच काढल्या जात. 1894 मध्ये त्याने 50 रुग्णांचा अहवाल प्रसिद्ध केला. त्यांपैकी केवळ 3 जणींमध्ये शस्त्रक्रियेच्या जागी रोग उलटला होता. त्या काळच्या मानाने हे यश विलक्षण होते आणि ही पद्धत पाऊणशे वर्षे प्रमाण मानली गेली. तिची किंमत मात्र स्त्रियांनी मोजली. छाती खोलगट होई, खांद्याची हालचाल मंदावे आणि लसिकेची वाट तुटल्याने हात कायमचा सुजत असे.

येथे एक तार्किक उणीव राहून गेली होती. त्या जागी रोग न उलटणे आणि रुग्ण जगणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. हॉल्स्टेडच्याच 1907 च्या अहवालात, काखेतील ग्रंथींत रोग पोहोचलेल्या स्त्रिया कितीतरी कमी संख्येने वाचल्या होत्या. यातून काहींनी आणखी व्यापक शस्त्रक्रियेचा धडा घेतला. वास्तविक वेगळा विचार आधीच उपलब्ध होता. 1889 मध्ये लंडनच्या स्टीफन पॅजेट याने स्तनाच्या कर्करोगाने दगावलेल्या 735 रुग्णांच्या शवविच्छेदनांच्या नोंदी तपासल्या होत्या. काही विशिष्ट अवयवांतच रोग वारंवार आढळतो, हे पाहून त्याने बीज आणि जमीन यांचा दृष्टान्त दिला. प्रसार केवळ वाटेवर नव्हे, तर बीज जेथे पडते त्या जमिनीवरही अवलंबून असतो, हा त्याचा आशय होता. तो दीर्घकाळ उपेक्षित राहिला.

फिशर यांचे आव्हान :

1960 च्या दशकात अमेरिकेतील पिट्सबर्ग येथे बर्नार्ड फिशर आणि त्यांचे बंधू एडविन यांनी प्राण्यांवर प्रयोग केले. ग्रंथीत सोडलेल्या कर्कपेशी तेथे अडकून न राहता पुढे निसटतात, असे त्यांना आढळले. गाळणीची कल्पना त्यामुळे डळमळीत झाली. पुष्कळ रुग्णांमध्ये निदानापूर्वीच पेशी रक्तात पोहोचलेल्या असतात आणि ग्रंथीतील रोग हा त्या घटनेचा निदर्शक आहे, असे फिशर यांचे मत बनले.

मताची कसोटी घेण्यासाठी 1971 मध्ये एक मोठी चाचणी सुरू झाली. तीत 1665 स्त्रियांचा समावेश होता. काखेत गाठ हाताला न लागणाऱ्या स्त्रियांचे चिठ्ठीपद्धतीने तीन गट करण्यात आले. एका गटावर हॉल्स्टेड पद्धतीची शस्त्रक्रिया झाली. दुसऱ्या गटात स्तन काढून काखेसह किरणोपचार देण्यात आले. तिसऱ्या गटात केवळ स्तन काढला गेला आणि पुढे गाठ आली तरच ग्रंथी काढायच्या, असे ठरले.

पहिल्या गटातील सुमारे 40 टक्के स्त्रियांच्या ग्रंथींत सूक्ष्मदर्शकाखाली रोग सापडला. गट चिठ्ठीने पाडलेले असल्याने तिसऱ्या गटातही जवळपास तितक्याच स्त्रियांच्या ग्रंथींत रोग मागे राहिला असणार. तरीही त्या गटात पाचव्या हिश्श्याहून कमी स्त्रियांच्या काखेत पुढे गाठ आली. 2002 मध्ये 25 वर्षांचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. तिन्ही गटांच्या आयुर्मर्यादेत लक्षणीय फरक नव्हता. ज्या तत्त्वासाठी स्त्रियांनी स्नायू गमावले, त्या तत्त्वाला पुरावा मिळाला नाही.

पहारेकरी ग्रंथीचा शोध :

ग्रंथी काढल्याने आयुष्य वाढत नसले, तरी तिच्यातील रोगाची माहिती पुढील औषधोपचार ठरवण्यास उपयुक्त होती. कमीत कमी इजा करून ती माहिती कशी मिळवावी, हा पुढचा प्रश्न होता. 1977 मध्ये रामोन कबानास यांनी शिश्नाच्या कर्करोगाच्या अभ्यासात, लसिका सर्वप्रथम ज्या ग्रंथीत पोहोचते ती शोधण्याची कल्पना मांडली. 1992 मध्ये डोनाल्ड मॉर्टन यांनी मेलॅनोमा या त्वचेच्या कर्करोगात निळा रंग टोचून अशी ग्रंथी हुडकण्याचे तंत्र वर्णिले. 1994 मध्ये अर्मांडो जुलियानो यांनी ते स्तनाच्या कर्करोगात वापरले. ही पहारेकरी ग्रंथी निरोगी असेल, तर उर्वरित काखेला हात लावण्याची गरज उरली नाही.

जुलियानो यांच्याच नेतृत्वाखालील पुढील चाचणीत पहारेकरी ग्रंथीत रोग सापडलेल्या स्त्रियांचा विचार झाला. एक किंवा दोनच ग्रंथी बाधित असून स्तन राखून शस्त्रक्रिया व किरणोपचार झालेल्या स्त्रियांमध्ये 10 वर्षांनी जिवंत असणाऱ्यांचे प्रमाण सर्व ग्रंथी काढलेल्या गटात 83.6 टक्के, तर उर्वरित ग्रंथी राखलेल्या गटात 86.3 टक्के होते. काखेतील रोग मागे राहूनही नुकसान झाले नाही.

मुंबईचा निर्णय :

एवढ्यावरून ग्रंथी काढणे सर्वत्रच निरर्थक आहे, असा समज होणे स्वाभाविक होते. त्याला उत्तर परळ येथील टाटा स्मारक रुग्णालयाने दिले. 1941 मध्ये सुरू झालेल्या या रुग्णालयात, तंबाखूचे सेवन देशात सर्वदूर असल्यामुळे, तोंडाच्या कर्करोगाचे रुग्ण मोठ्या संख्येने येतात. तोंडातील गाठ लहान असून मानेत गाठ लागत नसेल, तर मानेतील ग्रंथी लगेच काढाव्यात की वाट पाहावी, यावर जगभर अनेक दशके मतभेद होते. अनिल डिक्रूझ आणि सहकाऱ्यांनी 2004 पासून या प्रश्नावर चाचणी घेतली आणि 2015 मध्ये 500 रुग्णांचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. 3 वर्षांनी जिवंत असणाऱ्यांचे प्रमाण ग्रंथी लगेच काढलेल्या गटात 80 टक्के, तर वाट पाहिलेल्या गटात 67.5 टक्के होते.

स्तनाच्या कर्करोगाहून हे उत्तर उलट का आले? तोंडाच्या कर्करोगात मृत्यू बहुधा तोंड आणि मान येथील अनावर रोगामुळे होतो. वाट पाहिलेल्या गटात मानेत गाठ दिसेपर्यंत रोग बळावलेला होता. स्तनाच्या कर्करोगात मात्र जिवाला धोका प्रामुख्याने हाडे, फुप्फुस, यकृत यांसारख्या दूरच्या अवयवांतील प्रसाराचा असतो. सॅम्युएल हेल्मन यांनी 1994 मध्ये स्तनाच्या कर्करोगाविषयी, काही गाठी दीर्घकाळ स्थानिक राहतात तर काही लवकर पसरतात, असे मध्यममार्गी मत मांडले होते. मुंबईच्या निष्कर्षाने हीच सावधगिरी निरनिराळ्या कर्करोगांची तुलना करतानाही बाळगावी लागते, हे दाखवले.

अलीकडील संशोधनही एकच उत्तर देत नाही. 2017 मध्ये मोठ्या आतड्याच्या कर्करोगाचा जनुकीय अभ्यास झाला. 17 पैकी बहुसंख्य रुग्णांत ग्रंथीतील आणि दूरच्या अवयवांतील रोग मूळ गाठीच्या वेगवेगळ्या शाखांतून निर्माण झाल्याचे आढळले. उरलेल्या रुग्णांत दोन्हींचे मूळ समान होते. 2018 मध्ये उंदरांवरील प्रयोगांत कर्कपेशी ग्रंथीतील रक्तवाहिन्यांत शिरून थेट पुढे जाताना दिसल्या. म्हणजे ग्रंथी कधी साक्षीदार असते, तर कधी खरोखरच द्वार ठरते.

निष्कर्ष :

1. गाळणीची उपपत्ती निरीक्षणावर आधारलेली होती. परंतु तिच्यावरून योजलेल्या उपचाराची तुलनात्मक कसोटी पाऊणशे वर्षे घेतली गेली नाही. या विलंबाची किंमत रुग्णांनी मोजली.
2. फिशर यांच्या चाचणीने हॉल्स्टेडची पद्धत मागे पडली. परंतु तिचे उत्तर सर्व कर्करोगांना लागू करता येत नाही. अवयव बदलला की प्रश्न पुन्हा विचारावा लागतो.
3. टाटा स्मारक रुग्णालयाची चाचणी याचे ठळक उदाहरण आहे. भारतीय रुग्णांना सर्वाधिक भेडसावणाऱ्या प्रश्नाचे उत्तर भारतीय रुग्णालयातच शोधले गेले आणि ते जगाला उपयोगी पडले.
4. हॉल्स्टेड आणि फिशर दोघेही आपापल्या उपपत्तीविषयी ठाम होते. फरक असा, की फिशर यांनी आपले मत पराभूत होऊ शकेल अशी चाचणी स्वतःच उभी केली. लसिकाग्रंथीच्या इतिहासातील ही सर्वांत महत्त्वाची शिकवण मानावी लागेल.