हिशेबाची फौजदारी

‘दिवाणी’ आणि ‘फौजदारी’ हे दोन्ही शब्द आपल्याकडे मोगली राज्यकारभारातून आले. दिवाण महसूल पाही, फौजदार बंदोबस्त ठेवी. १७७२ साली वॉरन हेस्टिंग्जने बंगालच्या जिल्ह्यांत या दोन नावांच्या स्वतंत्र अदालती स्थापिल्या आणि देण्याघेण्याचा तंटा व गुन्हा यांची दालने वेगळी झाली. परंतु भागीदारीच्या धंद्यात ही सीमा वारंवार ओलांडली जाते. परप्रांतांत अधिकारपदावर असलेल्या आमच्या कित्येक वाचकांच्या मेजावर असे तक्रारअर्ज येत असतील. म्हणून तिचा इतिहास थोडक्यात सांगणे आम्हांस इष्ट वाटते.

१८६० च्या दंडसंहितेच्या ४०५ व्या कलमाने विश्वासघाताच्या गुन्ह्याची व्याख्या केली. त्यात मालमत्ता, अथवा तिच्यावरील ताबा, आरोपीकडे ‘सोपविलेला’ असावा लागतो. मग भागीदाराच्या हाती असलेली पेढीची रोकड सोपविलेली म्हणावी की त्याची स्वतःची? कलकत्त्याच्या पूर्णपीठाने १८७४ साली असे ठरविले की, भागीदारही या कलमाखाली दोषी ठरू शकतो. याउलट मुंबईस सर जॉन बोमाँट यांच्या उच्च न्यायालयाने १९३१ साली निराळी दिशा धरली. जोवर हिशेब झाला नाही, तोवर अमुक रक्कम अमक्याची असे म्हणताच येत नाही, कारण प्रत्येक भागीदाराचा हितसंबंध सगळ्याच मालमत्तेत असतो, असा त्या विचाराचा गाभा होता.

पुढल्याच वर्षी भागीदारीचा कायदा झाला. त्याच्या ४८ व्या कलमातील क्रम पाहिला म्हणजे मुंबईच्या मताचे मर्म ध्यानी येते. पेढी मोडल्यावर आधी बाहेरच्यांचे देणे भागवावयाचे, मग भागीदारांनी भांडवलाखेरीज दिलेल्या उचली, त्यानंतर भांडवल, आणि उरेल ते वाट्याप्रमाणे. इतक्या पायऱ्या उतरल्यावाचून कोण कोणाचे देणे लागतो हे ठरत नाही. आणि या पायऱ्या उतरणे हे फौजदाराचे काम नव्हे. विसाव्या शतकाच्या मध्यास कलकत्त्याच्या पूर्णपीठानेही हीच दिशा स्वीकारली. १९६४ साली मुंबईच्याच एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तिच्यावर शिक्कामोर्तब केले. भागीदार म्हणून असलेला ताबा हा मालकाचा ताबा होय. गुन्ह्यासाठी खास कराराने केलेली सोपवणूक सिद्ध व्हावी लागते.

याचा अर्थ भागीदार कधी गुन्हेगार ठरतच नाही, असा मात्र नव्हे. फसविण्याच्याच हेतूने प्रारंभी दुसऱ्याचे भांडवल काढून घेणे, खोटे दस्तऐवज बनविणे, हे गुन्हेच आहेत. पण धंदा बुडाला, वचन पाळता आले नाही, वाटणीवरून बिनसले, एवढ्याने फसवणूक होत नाही.

नियम इतका स्पष्ट असूनही तक्रारी थांबल्या नाहीत. दिवाणी दाव्यास वर्षे लागतात; अटकेची भीती चार दिवसांत पैसे काढते. व्यापारी वर्तुळांतील या वाढत्या प्रवृत्तीबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली उघड चिंता व्यक्त केली. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता अमलात आली. विश्वासघाताचे ४०५ व ४०६ जाऊन ३१६, आणि फसवणुकीचे ४२० जाऊन ३१८ हे आकडे आले. प्रवृत्ती मात्र तीच राहिली. एप्रिल २०२५ मध्ये एका दिवाणी वादाला फौजदारी रूप दिल्याबद्दल त्याच न्यायालयाने उत्तर प्रदेश सरकारवर ५०,००० रुपये खर्च बसविला.

भीतीने वसूल झालेली रक्कम हिशेबाने ठरलेली नसते. ती देणारा कदाचित स्वतःच येणेकरी असेल, हे कोणी तपासलेलेच नसते. त्या अवधीत तुरुंगात गेलेले दिवस मात्र कोणतेही न्यायालय परत देऊ शकत नाही. यास्तव असा अर्ज समोर येईल तेव्हा अधिकाऱ्याने आधी तीन गोष्टी विचाराव्यात, अशी आमची विनंती आहे : भागीदारीचा करार कोठे आहे, शेवटचा हिशेब केव्हा झाला, आणि फसविण्याचा हेतू प्रारंभापासून होता याला पुरावा काय? उत्तरे मिळत नसतील, तर अर्जदारास दिवाणी न्यायालयाची वाट दाखविणे हेच न्यायाला धरून होईल.