न्या. नीलकंठ गंजू यांची हत्या : निकाल, सूड आणि न्यायसंस्था

प्रस्तावना :
काश्मीर खोऱ्यातील सशस्त्र संघर्षाच्या इतिहासात १९८९ हे वर्ष निर्णायक ठरले. याच वर्षी ४ नोव्हेंबर रोजी श्रीनगरच्या हरिसिंग हाय स्ट्रीट या गजबजलेल्या भागात, उच्च न्यायालयापासून जवळच, निवृत्त न्यायाधीश नीलकंठ गंजू यांची भरदिवसा गोळ्या झाडून हत्या झाली. काश्मिरी पंडितांच्या विस्थापनाच्या संदर्भात या घटनेचा उल्लेख वारंवार येतो. तथापि ज्या निकालाचा सूड म्हणून ही हत्या झाली असे मानले जाते, त्या निकालाचा प्रवास पाहिल्याशिवाय तिचा अर्थ पूर्णपणे उलगडत नाही. प्रस्तुत लेखात त्या प्रवासाचा थोडक्यात आढावा घेतला आहे.

खटल्याची पार्श्वभूमी :
नॅशनल लिबरेशन फ्रंट या संघटनेचे एक संस्थापक मकबूल भट हे १९६६ मध्ये नियंत्रणरेषेपलीकडून (तत्कालीन युद्धविरामरेषेपलीकडून) साथीदारांसह खोऱ्यात आले. त्या काळात गुन्हे अन्वेषण विभागाचे अधिकारी अमरचंद यांची हत्या झाली. हा खटला श्रीनगरचे सत्र न्यायाधीश असलेल्या गंजू यांच्यासमोर चालला व ऑगस्ट १९६८ मध्ये त्यांनी भट यांना देहदंड सुनावला. त्याच वर्षी डिसेंबरमध्ये भट श्रीनगरच्या तुरुंगातून निसटले आणि पलीकडे गेले. १९७६ मध्ये ते खोऱ्यात परतले असता पुन्हा पकडले गेले. त्यामुळे निकाल आणि त्याची अंमलबजावणी यांत सुमारे सोळा वर्षांचे अंतर पडले.

बर्मिंगहॅम ते तिहार :
या प्रकरणाचा एक धागा महाराष्ट्राशी जोडलेला आहे. बर्मिंगहॅम येथील भारतीय राजनैतिक अधिकारी रवींद्र म्हात्रे यांचे ३ फेब्रुवारी १९८४ रोजी अपहरण झाले. भट यांची सुटका ही अपहरणकर्त्यांची प्रमुख मागणी होती. काही दिवसांतच म्हात्रे यांचा मृतदेह सापडला. पुण्यातील म्हात्रे पूल त्यांचेच नाव धारण करतो. यानंतर राष्ट्रपती झैलसिंग यांनी दयेचा अर्ज फेटाळला आणि ११ फेब्रुवारी १९८४ रोजी भट यांना तिहार कारागृहात फाशी देण्यात आली. त्यांचे दफनही तेथेच झाले.

म्हात्रे यांची हत्या आणि ही फाशी यांत आठवडाभराचेही अंतर नव्हते. परिणामी, दीर्घकाळ रेंगाळलेल्या शिक्षेची ही अंमलबजावणी अनेकांना कायद्यापेक्षा प्रत्युत्तर वाटली. खोऱ्यातील फुटीरतावादी राजकारणात भट हे प्रतीक बनले. पाच वर्षांनी त्या प्रतीकाच्या नावाने बदला घेण्यात आला, तो ज्यांच्या हाती फाशीची वेळ ठरवणे कधीच नव्हते अशा एका वृद्ध न्यायाधीशावर.

हत्येचे स्वरूप :
येथे एक मूलभूत भेद लक्षात घ्यावा लागतो. देहदंडाचा निकाल एका न्यायाधीशाने दिला, तरी त्याची अंमलबजावणी त्याच्या एकट्याच्या इच्छेने होत नाही. वरिष्ठ न्यायालये, शासन आणि राष्ट्रपती अशा अनेक पायऱ्या त्यामध्ये असतात. त्या निकालावर टीका करण्याचा, त्यातील त्रुटी दाखवण्याचा अधिकार सर्वांना आहे. परंतु मारेकऱ्यांनी पदाने दिलेला निर्णय व्यक्तीच्या माथी मारला. निवृत्तीनंतर पद राहिले नव्हते, संरक्षणही नव्हते; उरला होता तो केवळ माणूस.

ही हत्या सुटी घटनाही नव्हती. ऑगस्ट १९८९ मध्ये नॅशनल कॉन्फरन्सचे कार्यकर्ते महंमद युसूफ हलवाई, तर १४ सप्टेंबर रोजी भारतीय जनता पक्षाचे नेते व वकील टिकालाल टपलू मारले गेले. एप्रिल १९९० मध्ये काश्मीर विद्यापीठाचे कुलगुरू मुशीर-उल-हक यांचे अपहरण करून त्यांची हत्या करण्यात आली. पक्ष, न्यायालय, विद्यापीठ अशा नागरी जीवनाच्या आधारांवरच हे आघात होते. पंडित समाजासाठी मात्र टपलू आणि गंजू यांच्या हत्यांचा अर्थ अधिक भयावह होता. जेथे ख्यातनाम व्यक्ती सुरक्षित नाही तेथे सामान्यांचे काय, या प्रश्नाचे उत्तर १९९० च्या आरंभीच्या स्थलांतरात मिळाले.

अनिर्णित खटला :
अमरचंद यांच्या हत्येबाबत आरोपीला खटला, वकील आणि दयेचा अर्ज यांची संधी मिळाली. ती प्रक्रिया निर्दोष होती की नाही यावर वाद होऊ शकतो. पण प्रक्रिया होती. गंजू यांच्या हत्येच्या वाट्याला तेवढेही आले नाही. पंडितांच्या हत्यांची प्रकरणे पुन्हा उघडण्याची मागणी करणारी याचिका सर्वोच्च न्यायालयाने २०१७ मध्ये, फार काळ लोटल्याच्या कारणास्तव, फेटाळली. ऑगस्ट २०२३ मध्ये जम्मू-काश्मीरच्या राज्य तपास यंत्रणेने या हत्येमागील कटाविषयी माहिती देण्याचे जाहीर आवाहन केले. तोवर चौतीस वर्षे उलटत आली होती.

समारोप :
संघर्षग्रस्त प्रदेशात न्यायाधीशाची हत्या दोन पातळ्यांवर परिणाम करते. एक व्यक्ती जाते, आणि पुढील प्रत्येक न्यायाधीश, साक्षीदार व वकील यांच्या मनात निकालाची किंमत नोंदवली जाते. गंजू यांच्या प्रकरणात शासनाची घाई आणि मारेकऱ्यांचा सूड यांना एकाच तागडीत तोलता येणार नाही. परंतु दोहोंनी कायद्याच्या स्वायत्ततेवरील विश्वास क्षीण केला, ही नोंद इतिहासाने केली पाहिजे. ज्यांनी आयुष्यभर इतरांच्या प्रकरणांत साक्षीपुरावे तपासून निर्णय दिले, त्यांच्या स्वतःच्या मृत्यूविषयी साक्षीपुरावे गोळा करण्याचे आवाहन तीन दशकांनंतर करावे लागले, यातच या प्रकरणाची खरी शोकांतिका सामावलेली आहे.