दौलताबादची द्राक्षे आणि वर्षाचे दोन बहार

इ.स. १३४२ च्या सुमारास दिल्लीचा सुलतान मुहम्मद बिन तुघलक याचा वकील म्हणून चीनच्या बादशहाकडे निघालेला एक प्रवासी उज्जैनमार्गे दौलताबादेस आला. हाच इब्न बतूता. त्याने देवगिरीचा किल्ला वर्णिला, मराठ्यांविषयी लिहिले, आणि ओघात एक लहानशी नोंद केली: येथे द्राक्षे व डाळिंबे होतात आणि ती वर्षातून दोनदा फळतात.

आजच्या छत्रपती संभाजीनगरपासून जेमतेम पंधरा किलोमीटरवरची ही गोष्ट. किल्ल्याचे वर्णन पुष्कळांनी केले; द्राक्षांची नोंद त्याहून दुर्मीळ आहे.

इब्न बतूता मोरोक्कोतील टँजियरचा. तिकडे हिवाळ्यात वेलीची पाने गळतात, वेल झोपी जाते आणि वर्षाला एकच पीक येते. दख्खनच्या पठारावर तशी थंडी नसते. वेल झोपतच नाही. छाटली की फुटते. प्रवाशाला नवल वाटावे असेच हे होते.

'दख्खनेत द्राक्ष तुघलकाने आणले' असे सर्रास सांगितले जाते. राजधानी दौलताबादेस हलली ती १३२७ मध्ये, त्यामुळे काळ जुळतो. परंतु इब्न बतूता द्राक्षे होती एवढेच सांगतो. ती कोणी आणली, हे नाही. श्रेय सुलतानाला देण्याची घाई पुढच्यांची. काही लेखांत तर या भेटीचे साल १४३० असे छापले जाते. त्याच्या कितीतरी आधीच इब्न बतूता निवर्तला होता!

वेल कोणीही आणली असो, ती बहुधा काडीच्या रूपानेच आली असणार. बी पेरून उगवलेली वेल आईसारखी निपजत नाही. काडी लावली तर तीच जात मिळते. आजही घरी वेल लावायची तर हीच रीत: छाटणीत निघालेली, पेन्सिलीएवढी जाड, पक्व काडी घ्यावी, तिच्यावर चार डोळे असावेत. खालचा काप डोळ्याच्या लगेच खाली घ्यावा, दोन डोळे भुसभुशीत, निचऱ्याच्या मातीत पुरावेत, दोन वर ठेवावेत. काडी उलटी लावू नये; चूक क्षुल्लक वाटते, पण काडी वाया जाते. ओल हवी, चिखल नको. मोठ्या बागांत मात्र आता काडी थेट लावत नाहीत. क्षार आणि पाण्याचा ताण सोसणारा डॉगरिजसारखा खुंट आधी लावून त्यावर हव्या जातीचे कलम करतात.

दोन बहारांचे कोडे मात्र नुसत्या काडीने सुटत नव्हते. एकोणिसाव्या शतकात नाशिककडे वेल पांगाऱ्याच्या जिवंत खुंटावर चढवीत. तिथेही दोन पिके येत: उन्हाळ्याच्या तोंडाशी गोड, पावसाळ्यात आंबट. ढगाळ हवेत साखर भरत नाही, पावसाने मणी तडकतात, रोग पडतो.

यावर दख्खनी बागायतदारांनी काढलेला तोडगा असा: छाटणी दोनदा, पीक एकदा. एप्रिलमध्ये खरड छाटणी. तिच्यानंतरच्या कडक उन्हात नव्या काडीच्या डोळ्यांत सूक्ष्म घड तयार होतात. ऑक्टोबरात फळछाटणी, मग ते घड बाहेर पडतात आणि फेब्रुवारी-मार्चच्या कोरड्या हवेत पिकतात.

एप्रिलच्या फुटीवर क्वचित घड दिसलाच, तर माळी तो खुडून टाकतो.