आडिवऱ्याचे केशवराव दाते

आडिवरे म्हटलं की आपल्याकडच्या माणसाला महाकालीचं देऊळ आठवतं. रत्नागिरीहून पावस, पूर्णगड करत राजापूर तालुक्यात शिरलं की लागतं ते गाव. मराठी सिनेमातला एक फार मोठा नट या गावात जन्मला, हे मात्र देवीला जाणाऱ्या कितीजणांना ठाऊक असेल, देव जाणे. केशवराव दाते. जन्म १८८९ चा.

सुरुवात नाटकातली. महाराष्ट्र नाटक मंडळीत त्यांनी आधी स्त्रीभूमिका केल्या. सिनेमात नावारूपाला आले तेव्हा वय पंचेचाळिशीचं, म्हणजे नायकाच्या भूमिका मिळायचं नव्हेच. मग राजगुरू, पाटील, वकील, बाप, गुरू अशी माणसं त्यांच्या वाट्याला आली.

प्रभात कंपनी कोल्हापूरहून पुण्याला आल्यावर शांतारामबापूंनी १९३४ साली 'अमृतमंथन' काढला, मराठीत आणि हिंदीत. मराठीतला क्रूर राजगुरू दात्यांचा, हिंदीतला चंद्रमोहनचा. चंद्रमोहनच्या डोळ्यांबद्दल लोक अजून बोलतात. 'शेजारी'चंही (१९४१) तसंच. धरणाच्या वादात दुरावलेले दोन जिवलग शेजारी, मिर्झा आणि जिवबा. मराठीत जिवबा दात्यांनी केला. हिंदी 'पडोसी'त त्या जागी मझहर खान आले. थोडक्यात काय, या दोन भूमिकांमधले दाते फक्त मराठी प्रेक्षकानं पाहिले. त्यानंच विसरायचं ठरवलं तर दुसरं कोण आठवण ठेवणार?

पण मला खरं लिहायचंय ते 'कुंकू'बद्दल. साल १९३७. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरचा हा सिनेमा. नीरा नावाच्या तरुण मुलीला फसवून एका म्हाताऱ्या विधुराच्या गळ्यात बांधतात आणि ती हे लग्न मानायलाच नकार देते. नीरा म्हणजे शांता आपटे. लोकांना तीच आठवते आणि ते बरोबरच आहे. तो विधुर, वकील काकासाहेब, म्हणजे आपले दाते. हिंदी 'दुनिया न माने'तही तेच.

हा विषय काही नवा नव्हता. देवलांचं 'शारदा' १८९९ मध्येच रंगभूमीवर आलं होतं. त्यातल्या भुजंगनाथाला प्रेक्षक पोट धरून हसतात, आणि हसून घरी जातात. काकासाहेबांना असं हसून मोकळं होता येत नाही. हा माणूस राक्षस नाही. अब्रूदार आहे, शिकलेला आहे, घरात मोठी मुलं आहेत. चूक त्याचीच आहे, आणि ती त्याला हळूहळू कळत जाते. सिनेमाला पार्श्वसंगीत नाही. भिंतीवरचं जुनं घड्याळ आणि घरातले आवाज, बस्स. त्या शांततेत दात्यांनी तो माणूस आतून खचताना दाखवलाय. तेव्हा त्यांचं वय अवघं अठ्ठेचाळीस.

शेवटी काकासाहेब नीराला मोकळं करतात आणि स्वतःचा जीव देतात. हा शेवट मला पूर्ण पटत नाही. म्हाताऱ्याच्या मरणानं नीराचा प्रश्न सुटत नाही, ती विधवाच होते. तरीही दाते त्या माणसाला माफी मिळवून देत नाहीत, फक्त त्याची लाज आपल्याला दाखवतात. माझ्या मते चरित्र अभिनेत्याचं काम ते हेच.

आपल्या कोकणातल्या कुलवृत्तांतांमध्ये पानोपानी 'द्वितीय संबंध' असं लिहिलेलं असतं. पुढे बाईचं नाव, माहेरचं नाव, मुलं. नवऱ्याचं आणि तिचं वय किती होतं, तिला कुणी विचारलं होतं का, हे तिथं नसतं. ती पानं वाचताना आपण पूर्वजांना एकतर देव्हाऱ्यात बसवतो, नाहीतर आताच्या मापानं झोडपतो. काकासाहेब पाहिल्यावर दोन्ही जमेनासं होतं. अन्याय करणारा माणूस आपल्याच घरातला, पंगतीला शेजारी बसणारा असू शकतो.

पुढे 'डॉ. कोटनीस की अमर कहानी'त (१९४६) ते डॉक्टरांचे वडील झाले, 'झनक झनक पायल बाजे'त (१९५५) नृत्यगुरू मंगल महाराज. १९७१ मध्ये ते गेले. मुंबईत दूरदर्शन सुरू झालं पुढच्या वर्षी, २ ऑक्टोबर १९७२ ला. म्हणजे मालिकांमुळे घराघरात पोचायची संधी त्यांना मिळालीच नाही.

'कुंकू' जरूर बघा. नीरा बोलत असेल तेव्हा समोरच्या काकासाहेबांच्या चेहऱ्याकडेही जरा लक्ष ठेवा.