न छापलेल्या आठवड्यांचा विलास

मंडळी, नावावरून हा गडी सांगली-साताऱ्याकडचा वाटेल. पण हा गिलेर्मो विलास, अर्जेंटिनाचा डावखुरा टेनिसपटू.

१९७७ साल घ्या. त्या एका वर्षात विलासने १६ स्पर्धा जिंकल्या. पॅरिसला फ्रेंच ओपनच्या अंतिम सामन्यात ब्रायन गॉटफ्रिडला ६-०, ६-३, ६-० असं अक्षरशः धुतलं. मग न्यूयॉर्कला जिमी कॉनर्सला हरवून यूएस ओपन घेतली. आणि वर्षाअखेरीस एटीपीच्या यादीत पहिला कोण? कॉनर्स! त्या वर्षी एकही ग्रँड स्लॅम न जिंकलेला.

यात लबाडी नव्हती, हिशेब होता. १९७३ पासूनची ही क्रमवारी सरासरीवर चाले. मिळवलेल्या गुणांना खेळलेल्या स्पर्धांनी भागायचं. म्हणजे जो लहानसहान स्पर्धांनाही जातो, त्याचाच भागाकार खाली येतो. विलास तर सतत खेळणारा.

पण खरी गंमत पुढे आहे. त्या काळी यादी दर आठवड्याला निघतच नसे. मधले कित्येक आठवडे कोरे. एदुआर्दो पुप्पो या अर्जेंटिनी पत्रकाराने मारियान चुल्पान या रुमानियन गणितज्ञाला हाताशी धरून ते आठवडे जुन्या निकालांवरून भरून काढले. उत्तर असं आलं की १९७५-७६ मध्ये सात आठवडे विलास पहिला होता.

एटीपीने नकार दिला. त्यांचं म्हणणं, छापलेल्या यादीवरच तेव्हा स्पर्धांचे प्रवेश ठरत होते, आता मागे जाऊन ती बदलायची नाही. हा मुद्दा मला अगदीच टाकाऊ वाटत नाही. इतिहासात त्या वेळच्या कागदाला वजन असतंच.

मात्र बायकांच्या टेनिसमध्ये नेमकं उलट घडलं. ऑस्ट्रेलियाची इव्हॉन गूलागाँग १९७६ मध्ये दोन आठवडे पहिली होती, हे डब्ल्यूटीएच्या लक्षात आलं २००७ मध्ये, तब्बल ३१ वर्षांनी. त्यांनी चूक मान्य करून तिचं नाव यादीत घातलं. मग विलासलाच वेगळा न्याय का? मला विचाराल तर इथे एटीपीची बाजू लंगडी पडते. चुकीची बेरीज सुधारणं वेगळं आणि न केलेली बेरीज आज करणं वेगळं, असा बचाव करता येईल; पण सामने तर खेळले गेलेच होते ना?

एटीपीच्या नोंदीत मात्र आजही विलासपुढे लिहिलेलं आहे: सर्वोच्च क्रमांक २.